आयर्लंडच्या दगडी क्रूसावरची गुंफण शहाबादी फरशीवर कशी कोरायची

आयर्लंडमधल्या उंच दगडी क्रूसांचे फोटो पाहून हौसेने कोरायला बसणारे बहुतेक जण नक्षीपासून सुरुवात करतात. एखादी गुंफण, म्हणजे एकमेकींत विणलेल्या दोऱ्यांची नक्षी, इंटरनेटवरून उतरवायची, छापायची, फरशीवर चिकटवायची आणि छिन्नी लावायची. तिसऱ्या-चौथ्या छेदाशी, म्हणजे एक दोरी दुसरीवरून जाते तिथे, दोरीचा काठ टवका होऊन उडतो आणि काम कोपऱ्यात जाऊन पडतं. इथे बहुतेकदा हाताची चूक कमी आणि दगड न पाहता नक्षी निवडल्याची जास्त असते.

तिकडच्या पाथरवटांनी दगड पाहूनच नक्षी ठरवलेली दिसते. मोनास्टरबॉइसचा मुइरेदाखचा क्रूस वालुकाश्माचा, साडेपाच मीटरच्या आसपास उंच. त्याच्या तळाशी लेखाजवळ दोन मांजरंसुद्धा आहेत, आणि माणसांच्या आकृत्या चांगल्या उठावात, कपड्यांच्या चुण्यांसह कोरल्या आहेत. किल्डेअरमधला मून इथला क्रूस ग्रॅनाइटचा. ग्रॅनाइट भरड आणि कठीण, बारीक काठ धरत नाही. तिथल्या तळाच्या दगडावर बारा प्रेषित चार-चारच्या तीन ओळींत उभे आहेत: अंग म्हणजे चपटा चौकोन, वर भलं मोठं गोल डोकं, बस्स. तरी तो आयर्लंडमधल्या सगळ्यात देखण्या क्रूसांपैकी एक. टिपररीतल्या अहेनीचे क्रूस पुन्हा वालुकाश्माचे. तिथे धातूकामातले उभार खिळे आणि कडेची पिळाची दोरी दगडात उतरवली आहे, आणि गुंफण इतकी दाट की बोट ठेवायला सपाट जागा सापडत नाही. अहेनीची नक्षी मूनच्या दगडात उतरवायला गेलात तर भुगाच हाती येईल.

मराठवाड्यात प्रश्न दोन दगडांचा. काळा पाषाण म्हणजे बेसॉल्ट घराजवळच मिळतो आणि काठ उत्तम धरतो, त्याची साक्ष वेरूळला आहेच. पण तो हात दमवतो, आणि मधेच छिद्रं किंवा पांढऱ्या गारगोटीचे खडे निघतात. शहाबादी फरशी कलबुर्गीकडून येते. लातूर, धाराशिवला तर ती दारातलीच. चुनखडीचा हा दगड मऊ आणि एकजीव असतो, छिन्नीचं ऐकतो. खोड एकच: तो थरांचा आहे, पापुद्रा सुटतो. पहिलं काम शहाबादीवर करा आणि नक्षी तिला सोसेल अशी घ्या. पडक्या देवळाचा, बारवेचा किंवा वीरगळाचा दगड सरावाला उचलू नका, तो बेवारस दिसला तरी.

फरशी १ फूट लांब, १० इंच रुंद आणि किमान ३० मिमी जाड घ्या. दुकानात सहसा पातळ माल पुढे करतात. २० मिमीच्या फरशीत ५ मिमी खोल गेल्यावर उरलेला भाग हातोडीच्या धक्क्याने मधोमध तडकतो. फरशी एका काठावर उभी धरून हातोडीच्या दांड्याने ठोका. खणखणीत वाजली तर घ्या, बद्द वाजली तर आत थर सुटलाय. मग तिच्यावर पाणी ओता आणि वाळू द्या. पृष्ठभाग वाळल्यावरही एखादी काळी ओली रेघ मागे राहिली तर ती चीर आहे. चीर नक्षीच्या चौकटीबाहेर जात असेल तर चालेल, आत असेल तर दुसरी फरशी. कडेला थर मोजूनही पहा. वरचा पापुद्रा ३–४ मिमीवरच सुटायच्या बेतात असेल तर तो आधीच उडवून टाका आणि खालच्या थरावर काम करा.

आता आखणी. ठिपक्यांची रांगोळी काढणाऱ्याला ही दहा मिनिटांत जमते. चौकटीचे चौरस पाडायचे, प्रत्येक चौरसाच्या मध्यावर ठिपका द्यायचा आणि दोरी तिरपी, ठिपक्यांच्या मधून धावायची. चौकटीला लागली की ती आत वळते. या फरशीसाठी ३ चौरस रुंद, ४ चौरस उंच, प्रत्येक चौरस ५० मिमीचा. म्हणजे नक्षी १५० × २०० मिमी, भोवती २० मिमीची सपाट चौकट, आणि तिच्या बाहेर साधारण ३२ मिमी मोकळा काठ. हा मोकळा काठ सोडायलाच हवा. नक्षी कडेपर्यंत नेली की शेवटच्या घावाला कोपरा जातो.

दोऱ्या किती लागतील हे आधीच कळतं: दोन्ही बाजूंच्या चौरसांच्या आकड्यांचा मसावि काढा. ३ आणि ४ चा मसावि १, म्हणून एकच अखंड दोरी सगळी चौकट फिरून आपल्याच शेपटाला मिळते. ४ × ६ ला दोन दोऱ्या, ३ × ६ ला तीन, ४ × ४ ला चार. शाळेत मसाविचा एवढा उपयोग कुणी सांगितला नव्हता. ३ × ४ मध्ये दोरी स्वतःला १७ जागी छेदते: शेजारी-शेजारी ठिपक्यांच्या मधे ८, वर-खाली ठिपक्यांच्या मधे ९. कागदावर मोजून पहा. १७ भरले नाहीत तर आखणी चुकली.

नुसती वेणी एकसुरी दिसते. आयरिश नक्षीला जी लय आहे ती अडसर घातल्याने येते. एखाद्या छेदावर छोटी भिंत कल्पायची, दोऱ्या तिथे एकमेकींना छेदत नाहीत, भिंतीला लागून परततात. आपल्या चौकटीत बरोबर मध्यावर एक छेद आहे. तिथे उभा अडसर घातला तर दोरी एकच राहते आणि मधे दोन कमानी पाठीला पाठ लावून उभ्या राहतात. आडवा घातला तर एका दोरीच्या दोन होतात. पहिल्या कामाला उभा घ्या, १६ छेद उरतील. यापेक्षा जास्त अडसर शहाबादीत नकोत. प्रत्येक अडसराशी दोऱ्या जवळ येतात आणि मधला तळ, म्हणजे खणायचा भाग, इतका चिंचोळा होतो की छिन्नी आत फिरत नाही.

वर कोण आणि खाली कोण, यात सगळ्यात जास्त गोंधळ होतो. अंदाजाने ठरवू नका, नियम सोपा आहे. शेजारी-शेजारी ठिपक्यांच्या मधल्या छेदावर उजवीकडे चढणारी दोरी वर. वर-खाली ठिपक्यांच्या मधल्या छेदावर डावीकडे चढणारी दोरी वर. अडसर कुठेही असो, हा नियम पाळला की दोरी एकदा वर, एकदा खाली अशीच जाते. छेदांवर आत्ताच पेन्सिलीने खूण करा. दगडावर एक छेद उलटा कोरला गेला तर त्याला इलाज नाही, कारण तो सुधारायला पुढचे सगळे छेद उलटे करावे लागतात.

दोरीची रुंदी १८ मिमी ठेवा. समांतर दोऱ्यांच्या मध्यरेषांत सुमारे ३५ मिमी अंतर पडतं, म्हणजे मधला तळ १७ मिमीचा चौकोन उरतो. ६ मिमीची छिन्नी त्यात आरामात फिरते. दोरी २४ मिमीची केली तर नक्षी भरगच्च दिसते, पण तळ ११ मिमीवर येतो आणि त्यातून कपची बाहेर काढताना शेजारचा काठ दुखावतो. चौकटीपाशी दोरीची बाहेरची कड चौकटीच्या ३ मिमी आधी वळवा. कोपऱ्यात मात्र तिला थोडी बाहेर ओढून टोक द्या, गोल सोडली तर कोपरे रिकामे वाटतात.

नक्षी दगडावर उतरवायला कार्बन पेपर कामाचा नाही, राखाडी दगडावर रेघ दिसत नाही आणि पाणी शिंपडलं की पुसते. गेरू पाण्यात कालवून फडक्याने फरशीभर पातळ फासा, वाळू द्या, आणि पोलादी टोकाने रेघा ओरखडून घ्या. लालावर राखाडी रेघ स्पष्ट उठते. पुढे गेरू धुऊन गेला तरी ओरखडा राहतो. दोरी सोडून जो तळ खणायचा आहे त्यावर खडूने फुल्या मारा.

हत्यारं फार लागत नाहीत: एक टोकदार छिन्नी, ६ आणि १० मिमीच्या सपाट छिन्न्या, छेदातल्या चिंचोळ्या जागेला ३ मिमीची एक, आणि ४००–५०० ग्रॅमची हातोडी. कार्बाइडची टिप लावलेल्या छिन्न्या हार्डवेअरच्या दुकानात मिळतात. साध्या पोलादी घेतल्या तर लोहाराकडून धार लावून नीट पाणी देऊन आणा. पाणी जास्त बसलं तर टोक तुटतं, कमी बसलं तर दबून बोथट होतं. टाकी लावणाऱ्या वडाराला विचारलं तर तो हातात धरून सांगेल कोणती छिन्नी कुठल्या दगडाची. डोळ्यांना गॉगल आणि नाकाला एन-९५ मास्क हवाच, रुमालाने दगडाची धूळ अडत नाही. मधूनमधून पाणी शिंपडत रहा.

फरशी सिमेंटच्या ओट्यावर ठेवून ठोकू नका. खाली कुठेतरी पोकळी असते आणि बरोबर तिथेच फरशी तडकते. वाळूने अर्धी भरलेली दोन पोती पसरा आणि त्यात फरशी दाबून बसवा.

कोरण्याचा क्रम आयर्लंडमधल्या केल्सला पाहायला मिळतो. तिथे चर्चच्या आवारात एक क्रूस अर्धवट राहून गेला आहे. बाहेरचा आकार घडवून झालाय, नक्षीच्या जागा उंच कोऱ्या चौकोनांच्या रूपात सोडल्या आहेत आणि क्रूसावरच्या ख्रिस्ताचं काम नुसतं सुरू झालंय. पूर्ण झालेल्या क्रूसापेक्षा शिकणाऱ्याला हाच जास्त सांगतो: आधी मोठे आकार, मग तळ, बारकावे सगळ्यात शेवटी. एक छेद पूर्ण गुळगुळीत करून दुसऱ्याकडे जायची सवय असेल तर ती इथे सोडा.

आधी चौकटीची आतली सरळ रेघ. त्यासाठी ४ इंची ग्राइंडर डायमंड ब्लेडने ४ मिमी खोल चालवला तरी चालेल. दोरीजवळ मात्र ग्राइंडर आणू नका. पातं गोल असल्यामुळे रेघ संपते तिथे पूर्ण खोली गाठायला ते पुढे न्यावं लागतं आणि शेजारच्या दोरीवर कायमची चीर पडते.

मग तळ. प्रत्येक चौकोनाच्या मध्यावर टोकदार छिन्नीने खड्डा पाडा आणि तिथून बाहेर, रेघेच्या २ मिमी अलीकडे थांबत जा. घावाचा जोर नेहमी खणायच्या भागाकडे असू द्या, दोरीकडे कधीच नको. सगळे चौकोन ३ मिमीपर्यंत आणा, मग दुसऱ्या फेरीत ५ मिमीपर्यंत. एकच खड्डा एकदम ५ मिमी खणला तर त्याच्या आणि शेजारच्या कोऱ्या भागाच्या मधली दोरी एका बाजूने आधार नसलेली उरते आणि थरावरून सुटते. आता रेघेपर्यंत उरलेले २ मिमी सपाट छिन्नीने काढा, छिन्नी किंचित कलती धरून, म्हणजे दोरीची बाजू खाली पसरट होईल. बाजू सरळ उभी काढली तर काठ ठिसूळ होतो, आत गेली तर नक्की उडतो.

छेद करताना वरच्या दोरीला हात लावायचा नाही. खालच्या दोरीला छेदाच्या १५ मिमी आधीपासून उतार द्या आणि वरच्या दोरीच्या कडेशी ती २ ते अडीच मिमी खाली गेली की थांबा. पलीकडे तसाच चढ. याहून खोल नेलं तर खालची दोरी तळात बुडते आणि लांबून तुटलेली दिसते. उतार आखूड, एकदम कडेशीच दिला तर दोरीऐवजी विटा रचल्यासारखं दिसतं. नवशिक्याचं काम ओळखायची खूण हीच. काम तिरप्या उन्हात, सकाळी किंवा संध्याकाळी बघा. डोक्यावरच्या उन्हात सगळे उतार सारखेच वाटतात, आणि एप्रिल-मेच्या दुपारी शिंपडलेलं पाणी रेघ ओली व्हायच्या आत उडून जातं.

टवका उडालाच तर पहिली गोष्ट म्हणजे तो शोधा. तुकडा मिळाला तर वाळवून इपॉक्सीने बसवा आणि सांध्यावर ओल्या गोंदावरच दगडाची भुकटी दाबा. तुकडा हरवला असेल तर ती दोरी तेवढ्या टप्प्यात दोन्ही बाजूंनी मिलिमीटरभर बारीक करा. डोळा ते माफ करतो. एकाच बाजूने बारीक केली तर दिसतं.

शेवटी दोरीच्या दोन्ही कडा हलक्या मोडून पाठ किंचित गोल करा, आणि ८०, १२०, २२० अशा क्रमाने वॉटर पेपर पाण्यासह फिरवा. तळ घासू नका. त्यावर टोकदार छिन्नीचे बारीक, सारखे ठिपके तसेच ठेवा, गुळगुळीत दोरी त्यावर उठून दिसते. सिमेंटचे डाग काढायला मिस्त्री वापरतात ते अॅसिड शहाबादीवर अजिबात नको. चुनखडी असल्याने ती फसफसते आणि तासलेल्या कडा खाल्ल्या जातात.

ही पाटी घरात किंवा व्हरांड्यात लावा. उघड्यावर, दफनभूमीत वगैरे लावायची असेल तर तीच आखणी बेसॉल्टवर करा: चौरस ६० मिमीचा, दोरी २२ मिमीची, तळ ५ मिमीच, हातोडी ७००–८०० ग्रॅमची. पावसापाण्याने कोरीव दगडाचं काय होतं हे आयर्लंडमधल्या क्लोनमॅकनॉइजला लक्षात आलं, म्हणून तिथले मूळ क्रूस १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला आत हलवले आणि बाहेर प्रतिकृती उभ्या केल्या. भिंतीवर बसवताना शहाबादीच्या पाटीचं वजन सहा किलोच्या आसपास धरा आणि खाली दोन, वर दोन अशा स्टेनलेस स्टीलच्या पकडी लावा. साध्या लोखंडाच्या लावू नका, लोखंड गंजून फुगतं आणि दोन-चार पावसाळ्यांत फरशीची कड फोडून बाहेर येतं.