थकीत कर्ज फेडायला हप्ते पाडून मागण्यासाठी डीआरटीत (कर्जवसुली न्यायाधिकरणात) जाण्यापूर्वी

सरफेसी कायद्याने बँकेला कोर्टात न जाता तारण मालमत्ता ताब्यात घेऊन विकता येते. बँकेकडून या कायद्याच्या कलम १३(२) ची, थकबाकी भरा सांगणारी नोटीस आली की आधी ते पाकीट जपा. पोस्टाचा शिक्का आणि नोटीस हाती पडल्याची तारीख पुढे पदोपदी लागते. रक्कम भरायला ६० दिवस मिळतात. बहुतेक घरांत ते उसनवारी करण्यात संपतात आणि लेखी हरकत द्यायची राहूनच जाते. ती याच मुदतीत द्या आणि पोच घ्या. बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यायचे असते. ते न देताच ताब्याची कारवाई केली, तर न्यायाधिकरणापुढे तुमची बाजू बळकट होते.

खातेउतारा कर्ज उचलल्या दिवसापासूनचा मागवा. मुद्दल, व्याज आणि दंड वेगवेगळे मांडून घ्या. दंडाची रक्कम मुद्दलात मिळवून तिच्यावर पुन्हा व्याज लावायचे नाही, असा रिझर्व्ह बँकेचा २०२३ चा आदेश आहे. बाकी रक्कम मुद्दल व व्याजाच्या २० टक्क्यांहून कमी असेल किंवा तारण शेतजमिनीचे असेल, तर हा कायदा लागूच होत नाही. कर्ज पतसंस्थेचे असेल तर वसुली सहकार कायद्याने होते. तिथला रस्ता वेगळा आहे.

दारावर ताब्याची नोटीस लागली की कलम १७ खाली अर्ज करायला ४५ दिवस असतात. कुलूप लागेपर्यंत थांबू नका, प्रतीकात्मक ताब्यालाही, म्हणजे घर तुमच्याकडेच असताना नोटीस लावून घेतलेल्या कागदोपत्री ताब्यालाही, आव्हान देता येते. महाराष्ट्रात कर्जवसुली न्यायाधिकरण मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे आहे. दिवाणी कोर्टाला या वादात सहसा हात घालता येत नाही. थेट हायकोर्टात जाऊन हप्ते मिळवून देतो म्हणणाऱ्यांपासून जपून राहा. पर्यायी दाद उपलब्ध असताना हायकोर्टाने अशा रिट याचिका घेऊ नयेत, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये बजावले आणि २०२३ मध्ये पुन्हा सांगितले. एकरकमी तडजोड (ठरलेली कमी रक्कम एकदम भरून खाते मिटवणे) हाही कर्जदाराचा हक्क नाही; ती द्यायची की नाही हे बँक ठरवते.

आता सगळ्यात महत्त्वाचे: पैसे कुठून येणार याचे कागद. ‘मला फेडायचे आहे’ हे प्रत्येक अर्जात लिहिलेले असते. वजन पडते ते पगारपत्रकांना, आयकर विवरणपत्रांना, दुसरी मालमत्ता विकायला काढली असेल तर तिच्या विसारपावतीला आणि अर्जासोबत हजर केलेल्या डिमांड ड्राफ्टला. बँकेच्या कारवाईला स्थगिती बहुधा काही रक्कम भरण्याच्या अटीवर मिळते, आणि तारीख चुकली की ती जाते. म्हणून कोर्टात घाबरून मोठा आकडा कबूल करू नका. घरखर्च वजा जाता महिन्याला खरोखर किती उरते ते आधी घरी बसून, जामीनदारालाही सोबत घेऊन, मांडा आणि तेवढेच वकिलांना सांगा. जामीनदाराला अंधारात ठेवणे मला अन्यायाचे वाटते, कारण बँक त्याच्याही मागे लागू शकते. न्यायाधिकरणाचा निकाल विरुद्ध गेला तर अपिलासाठी कर्जदाराला थकीत कर्जाची निम्मी रक्कम जमा करावी लागते. ती कमी करून मिळाली तरी २५ टक्क्यांखाली येत नाही. हा हिशेबही आत्ताच करा.

वकिलाची फी झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

लिलावाच्या जाहिरातीवर लक्ष ठेवा. २०१६ च्या दुरुस्तीनंतर पूर्ण रक्कम भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच टिकतो. जुन्या माहितीवर विसंबून लिलावाच्या दिवशी पैसे घेऊन धावणाऱ्याच्या हाती काही लागत नाही.

कर्ज पूर्ण फिटले की बँकेने ३० दिवसांत मूळ दस्त परत द्यायचे असतात. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. ती लेखी मागा.