फोल्डरमध्ये लिहिता येत नाही? ॲडमिनचे हक्क देण्याआधी हे तपासा

'परमिशन डिनाइड' दिसलं की हात आपसूक 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर'कडे जातो. चूक तात्पुरती गायब होते, पण एका फोल्डरपायी त्या प्रोग्रॅमला अख्खं मशीन मोकळं मिळतं. त्याऐवजी कोणत्या खात्याला, कोणत्या फोल्डरवर अडवलं जातंय ते शोधा.

संदेश नीट वाचा. 'नो स्पेस लेफ्ट' किंवा 'रीड-ओन्ली फाइल सिस्टीम' असेल तर भानगड डिस्कची आहे. परवानग्या बदलून काही होणार नाही.

विंडोजवर 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये साध्या खात्याला लिहिता येत नाही, आणि ते मुद्दामच तसं ठेवलंय. प्रोग्रॅमच्या सेटिंगमधून डेटाची जागा आपल्या यूजर फोल्डरमध्ये हलवा. जुने ३२-बिट प्रोग्रॅम कधी कधी तक्रारच करत नाहीत; फाइल सेव्ह झाली म्हणतात आणि ती सापडते मात्र 'ॲपडेटा – लोकल – व्हर्च्युअलस्टोअर'मध्ये.

दुसऱ्या फोल्डरवर खात्याला हक्क द्यायचेच असतील तर फोल्डरवर राइट-क्लिक करून प्रॉपर्टीज, सिक्युरिटी, एडिट. तिथे 'मॉडिफाय' पुरतं, 'फुल कंट्रोल' नको. जनरल टॅबवरच्या 'रीड-ओन्ली' चौकटीशी झटापट करू नका, फोल्डरच्या बाबतीत तिने लिहिणं अडत नाही. हक्क बरोबर असूनही फक्त डॉक्युमेंट्स किंवा डेस्कटॉपवर अडत असेल तर विंडोज सिक्युरिटीतला 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' बघा; अनोळखी प्रोग्रॅमना महत्त्वाच्या फोल्डरमध्ये लिहू न देणारं हे संरक्षण आहे. त्याने अडवलं की डिफेंडरच्या (विंडोजच्या अँटीव्हायरसच्या) इव्हेंट लॉगमध्ये ११२३ क्रमांकाची नोंद पडते. संरक्षण बंद न करता तेवढाच प्रोग्रॅम परवानगीच्या यादीत घाला, तोही खात्रीच्या जागेवरून घेतलेला असेल तरच.

लिनक्सवर नवी फाइल बनवायला फोल्डरवर 'डब्ल्यू' (लिहिण्याचा हक्क) आणि 'एक्स' (आत शिरण्याचा हक्क) दोन्ही लागतात, आणि वरच्या प्रत्येक फोल्डरवर 'एक्स'. बहुतेक जण हे शेवटचंच विसरतात. 'नेमआय -एल' (namei -l) ही कमांड आणि पुढे फोल्डरचा पूर्ण पाथ दिला की साखळी कुठे तुटली ते ओळीने दिसतं. '७७७' (सगळ्यांना सगळे हक्क देणारा आकडा) देऊ नका, त्याने मशीनवरच्या प्रत्येक खात्याला लिहिता येतं. पूर्वी प्रोग्रॅम 'सुडो'ने (sudo, म्हणजे ॲडमिनच्या हक्काने) चालवल्यामुळे फायली रूटच्या, म्हणजे लिनक्सच्या ॲडमिन खात्याच्या, नावावर गेल्या असतील तर 'सीएचओन' (chown) या मालक बदलणाऱ्या कमांडने फक्त तेवढा फोल्डर परत आपल्या नावावर करा. फोल्डरवर हक्क असलेल्या ग्रुपमध्ये खातं घातल्यावर लॉगआउट करून पुन्हा लॉगिन करावं लागतं, नाहीतर बदल लागू होत नाही.

अडणारा प्रोग्रॅम सर्व्हिस (मागे आपोआप चालणारा प्रोग्रॅम) असेल तर ती बहुधा वेगळ्या खात्यावर चालते. म्हणून चाचणीची रिकामी फाइल 'सुडो -यू' (sudo -u) आणि पुढे खात्याचं नाव वापरून त्याच खात्याच्या नावाने बनवून बघा.