तेरेखोल नदी एका दिवसात: बांदा ते केरी

महाराष्ट्र-गोवा हद्दीवरची ही नदी बघायची तर आधी पंचांग उघडावं, नकाशा नंतर. खालच्या टप्प्यात ती खाडी आहे आणि तिथला दिवस भरती-ओहोटीवर चालतो.

किनाऱ्यावरचा जुना हिशेब सोपा आहे: तिथीला पाऊणने गुणायचं, येईल ती पूर्ण भरतीची वेळ. चतुर्थीला ३, अष्टमीला ६, एकादशीला सव्वाआठ. त्यानंतर साधारण सव्वासहा तासांनी ओहोटी. हा आडाखा मुंबईकडे जास्त जुळतो. गोव्याच्या किनाऱ्यावर भरती थोडी आधी येते, तर मुखापासून आत खाडीत शिरावं तसतशी उशिरा. या सफरीला दोन्ही पक्षांतली चतुर्थी किंवा पंचमी बरी. सकाळी ओहोटी मिळते, दुपारी मुखाशी पाणी भरलेलं असतं. हंगाम नोव्हेंबर ते फेब्रुवारी.

उगम सह्याद्रीत, मनोहरगडाच्या बाजूला. वरच्या भागात हिला बांद्याची नदी म्हणतात. (तिलारी वेगळी. ती पुढे शापोरा होते. नकाशावर दोन्ही जवळ दिसतात म्हणून लोक गफलत करतात.) सकाळी आठला बांद्यात या. मुंबई-गोवा महामार्गाच्या पुलावरून पात्र नीट दिसतं. हिवाळ्यात ते निरुपद्रवी वाटतं, पण घाटात पाऊस कोसळला की पाणी काठच्या आळवाडी वस्तीत शिरतं. पावसाळ्यात इथे गाडी नदीकाठी लावून जाऊ नये.

बांद्याहून महामार्ग सोडून शेर्ले, मडुरे, सातार्डा असं उतरावं. सातार्ड्याच्या पुलापलीकडे गोव्याचा पेडणे तालुका. इथून पुढे नदी हीच हद्द. गोव्याच्या बाजूने मोजली तर सुमारे २६ किलोमीटर. पुलावर पाच मिनिटं थांबून पाणी कुठल्या दिशेला चाललंय ते बघा. ओहोटीत वाळूचे पट्टे उघडे पडतात. वाळूउपशाने काठ खाली पोखरलेले असू शकतात, वरून गवत मात्र शाबूत दिसतं. तेव्हा अगदी कडेवर उभं राहू नये.

पुढचा टप्पा आरोंदा. सफरीतला सगळ्यात चांगला तुकडा हाच, आणि बहुतेक लोक तो चुकवून थेट किल्ला गाठतात. आरोंदा-किरणपाणी पुलावर साडेअकराच्या सुमारास पोहोचलात तर भरतीचं पाणी समुद्राकडून आत येताना दिसेल, नदी उलटी वाहतेय असं वाटेल. दोन्ही काठांना कांदळवन आहे. चिखलात उतरायचा मोह आवरा. कांदळाची श्वसनमुळं उभ्या खुंट्यांसारखी असतात, चप्पल भेदतात. शिवाय गुडघाभर रुतलेला पाय ओढून काढताना चिखल आणखी घट्ट धरतो.

किरणपाणीहून पालयेमार्गे केरीला जा. तिथून फेरीबोट पलीकडे तेरेखोलला नेते. ओहोटी पार उतरली की वाळू वर येते आणि बोटीला धक्क्याला लागता येत नाही. फेऱ्या तेवढा वेळ थांबतात. म्हणून दुपारी एक ते तीनमध्ये धक्क्यावर असावं. चुकलीच वेळ, तर मागे किरणपाणी पूल ओलांडून आरोंदा, अजगाव, शिरोडा, रेडी असा वळसा घ्यावा लागतो.

केरीच्या टोकाला, नदी समुद्राला मिळते तिथे, पोहू नये. ओहोटीत सगळी खाडी त्या अरुंद तोंडातून बाहेर पडते. वर पाणी शांत दिसतं आणि खाली ओढ असते. कंबरभर पाण्यातही पायाखालची वाळू सरकते.

पलीकडचा किल्ला सावंतवाडीच्या खेम सावंतांनी बांधला, १७४६ मध्ये पोर्तुगीजांनी घेतला. म्हणूनच तो नदीच्या उत्तर काठावर असूनही गोव्यात आहे. १५ ऑगस्ट १९५४ ला सत्याग्रहींनी इथे तिरंगा फडकवला होता. आत सेंट अँथनी चर्च आहे. किल्ल्यात बरीच वर्षं हॉटेल चालत होतं, तेव्हा प्रवेशाचं आधी विचारून घ्यावं. आत जाता आलं नाही तरी बाहेरून मुख आणि केरीची वाळू छान दिसते.

परतीला रेडीचा रस्ता धरलात तर एक लक्षात ठेवा: नदी न ओलांडताच महाराष्ट्र सुरू होतो, त्यामुळे हद्द गेल्याचं कळतही नाही. डिकीत गोव्याची दारू असेल तर परवाना हवा. पेट्रोल मात्र केरीकडे येतानाच भरून घ्यावं, गोव्यात स्वस्त पडतं.