तारीख, इसार आणि करार: सीमाभागात कलाकारांचे बुकिंग कसे करावे

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यात कार्यक्रमांना तोटा नाही. तोटा आहे तो ते धड जुळवून देणाऱ्या माणसांचा. गणपती, यात्रा, पारायण, लग्न, शिवजयंती यांच्यासाठी झांजपथकापासून ऑर्केस्ट्रापर्यंत सगळ्यांना मागणी असते. तरी ऐन वेळी एकाच दिवशी दोन सुपाऱ्या (कार्यक्रमाची ठरलेली कामे), बुडालेली बिदागी आणि रात्री दहाला बंद पडलेला माईक हे प्रकार दरवर्षी होतात. त्याचे मूळ बहुतेक वेळा तारीख आणि कागद नीट न सांभाळण्यात असते. या धंद्यात ओळखीपाळखी हळूहळू होतात, पण वहीची शिस्त पहिल्या दिवसापासून लागते.

बुकिंग एजंट आणि मॅनेजर ही दोन वेगळी कामे. एजंट तारीख ठरवतो आणि त्या सुपारीवर कमिशन घेतो, साधारण १० ते १५ टक्के. मॅनेजर कलाकाराचे सगळेच बघतो: दर, सराव, रेकॉर्डिंग, फोटो, पुढच्या वर्षाचे नियोजन. त्याचा वाटा १५ ते २० टक्क्यांच्या घरात असतो. आपल्याकडे दोन्ही कामे एकच माणूस करतो. तसे असेल तर एकाच सुपारीवर दोनदा टक्केवारी लावू नका. कलाकाराला ते कधी ना कधी कळतेच.

सुरुवात कोणापासून

मोठ्या नावामागे धावू नका. दोन-तीन पार्ट्या हाताशी धरा आणि त्यांचे हंगाम एकमेकांना पूरक असतील असे बघा. एक अभंग-भजनाचा संच, एक मराठी-कन्नड-हिंदी तिन्ही गाणारा ऑर्केस्ट्रा आणि एक झांज किंवा ढोल-ताशा पथक असले, तर वर्षातले बरेच महिने हाताला काम राहते. दोन्ही भाषा गाणारा गायक या भागात सोन्यासारखा. लग्नात एका बाजूचे पाहुणे कोल्हापूरचे आणि दुसऱ्या बाजूचे गोकाकचे असतात, आणि दोघांनाही आपली गाणी हवी असतात.

हात मिळवण्याआधी त्या पार्टीचे किमान तीन कार्यक्रम शेवटपर्यंत बसून बघा. पहिल्या तासाला सगळेच चांगले गातात. तिसऱ्या तासाला गळा टिकतो का, वादक वेळेवर येतात का, मध्येच कोणी उठून जातो का, हे बघायचे असते. पटले तर एक वर्षाचे अधिकारपत्र घ्या. कोणत्या भागातल्या तारखा तुम्ही घेणार (उदाहरणार्थ बेळगाव जिल्हा, चंदगड, गडहिंग्लज), टक्केवारी किती आणि कलाकाराला परस्पर फोन आला तर काय करायचे, हे त्यात लिहा. हे नसेल तर कलाकाराचा मेव्हणा त्याच दिवशी दुसरीकडे इसार (आगाऊ रक्कम) घेऊन मोकळा होतो.

पंचांग आणि वही

मोबाइलमधले कॅलेंडर ठेवा, पण शेजारी पंचांगही हवे. बेळगावची पारंपरिक शिवजयंती वैशाख शुद्ध द्वितीयेला, म्हणजे अक्षय तृतीयेच्या आदल्या दिवशी येते. रायबाग तालुक्यातली चिंचलीच्या मायाक्काची यात्रा माघ पौर्णिमेला भरते. इंग्रजी तारीख दरवर्षी सरकते, म्हणून वहीत तिथी, तारीख आणि वार असे तिन्ही लिहा. आणखी एक घोळ ठरलेला: “सोमवारची यात्रा” म्हणणाऱ्या गावाला कार्यक्रम रविवारी रात्री हवा असतो. “सोमवार उजाडायच्या आधीची रात्र की सोमवार मावळल्यावरची?” असे स्पष्ट विचारा आणि उत्तर मेसेजवर घ्या.

बेळगाव आणि खानापूर तालुक्यांतल्या गावांच्या महालक्ष्मी यात्रा बऱ्याच वर्षांच्या अंतराने येतात. गावाला त्याची तयारी फार आधीपासून असते, म्हणून कमिटी नेमल्याची बातमी लागताच पंचांना भेटा. निपाणी-चिकोडीकडच्या यात्रांना महाराष्ट्रातला तमाशा हवा असेल, तर गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावला तमाशा फडांच्या (मंडळांच्या) राहुट्यांवर जाऊन सुपारी ठरवावी. फोनवर ठरलेल्या फडापेक्षा समोर बसून ठरवलेला फड भरवशाचा.

जून ते ऑगस्ट खानापूरच्या पावसात उघड्यावरची सुपारी घेऊ नका. ते महिने नवा संच बसवायला, चांगले व्हिडिओ काढायला आणि पुढचे दर ठरवायला वापरा. व्हिडिओ तीन मिनिटांचा, प्रत्यक्ष कार्यक्रमातला आणि लोकांचा प्रतिसाद दिसणारा हवा. स्टुडिओत आवाज भरून केलेला व्हिडिओ कमिटीला फसवतो आणि पुढच्या वर्षीची सुपारी घालवतो.

पहिला फोन

“अण्णा, तारीख मोकळी आहे काय?” या पहिल्याच प्रश्नाला हो म्हणू नका. “बघून अर्ध्या तासात सांगतो” म्हणा आणि तेवढ्यात माहिती काढा: गाव आणि तालुका, उघडे मैदान की सभागृह, आपल्या आधी आणि नंतर काय आहे, साउंड कोणाचा, स्टेज किती फुटी, कन्नड गाणी किती हवीत, पैसे वर्गणीचे की एका देणगीदाराचे आणि सही कोण करणार. शेवटचे दोन प्रश्न सर्वांत महत्त्वाचे. वर्गणीचे पैसे उशिरा जमतात, विशेषतः उसाचे बिल निघाले नसेल तर.

मग तारीख पेन्सिलने लिहा. ही कच्ची तारीख. ४८ तासांत इसार आला की पेनाने पक्की करा. मधल्या काळात दुसऱ्याने तीच तारीख मागितली, तर पहिल्याला फोन करून २४ तासांची मुदत द्या आणि मगच सोडा. पहिल्याला न विचारता तारीख हलवणाऱ्या एजंटाकडे गाव पुन्हा फिरकत नाही.

दर कसा बांधायचा

दहा जणांच्या ऑर्केस्ट्राचे उदाहरण घेऊ. आकडे फक्त रीत दाखवण्यापुरते आहेत. कलाकार १० × २,५०० म्हणजे २५,०००. साउंड-लाइट १८,०००. ट्रॅव्हलर आणि टेम्पो ९,०००. जेवण-नाश्ता ३,०००. बेरीज ५५,०००. त्यावर ५ टक्के आडखर्च धरला की ५७,७५०. कमिशन १५ टक्के असेल तर इथे बरेच जण चुकतात. ते ५७,७५० वर १५ टक्के चढवून ६६,४०० सांगतात. पण कमिशन एकूण सुपारीवर कापले जाते, त्यामुळे खर्चाला सुमारे १,३०० रुपये कमी पडतात आणि ते कोणा वादकाच्या पाकिटातून जातात. बरोबर रीत अशी: ५७,७५० ला ०.८५ ने भागा. उत्तर ६७,९४१ येते, म्हणजे सुपारी ६८,०००.

कलाकाराला एक आकडा आणि कमिटीला दुसरा, असे करू नका. आपल्याकडे मंडळे जमाखर्चाचा फलक चौकात लावतात. “ऑर्केस्ट्रा: ९०,०००” असे त्यावर लिहिलेले असते आणि ६८ हजारांचा हिशेब मिळालेला गायक चहा पिताना तोच फलक वाचतो.

पैसे तीन टप्प्यांत घ्या. तारीख पक्की करताना ३० टक्के, आठ दिवस आधी ४० टक्के, उरलेले ३० टक्के कार्यक्रम सुरू होण्यापूर्वी. “कार्यक्रम झाल्यावर देतो” याला नम्रपणे नाही म्हणा. कार्यक्रम संपल्यावर खजिनदार सापडत नाही, आणि सापडला तरी त्याला मंडपवाल्याने घेरलेले असते. इसार खात्यावरच घ्या आणि धंद्याचे खाते घरच्या खात्यापासून वेगळे ठेवा. इसारात कलाकाराचा वाटा आहे हे विसरू नका.

करार

एक पान पुरते, पण मराठी आणि कन्नड दोन्हीत असावे. बरीच मंडळे नोंदणीकृत नसतात. म्हणून अध्यक्ष आणि खजिनदार अशा दोघांच्या सह्या त्यांच्या स्वतःच्या पत्त्यासह घ्या. मंडळाच्या नुसत्या शिक्क्यावर वसुली होत नाही. तारीख, वेळ, कालावधी, कलाकारांची संख्या, जेवण-मुक्काम, साउंडची जबाबदारी आणि वाद झाला तर न्यायालय बेळगावचे की कोल्हापूरचे, एवढे स्पष्ट लिहा.

रद्द होण्याची कलमे वेगवेगळी करा. कमिटीने आपणहून रद्द केले तर इसार परत नाही. पाऊस, गावातला मृत्यू, बंद किंवा जमावबंदी यामुळे अडले तर ९० दिवसांत दुसरी तारीख आणि इसार त्यात वळता. कलाकार आला नाही तर तीन दिवसांत सगळा इसार परत. बदली गायक द्यायचा असेल तर तो कमिटीने आधी मान्य केलेला हवा.

परवानग्या आणि रात्रीचे दहा

परवानगी काढणे आयोजकाचे काम, पण तिची प्रत निघण्याआधी तुमच्या हातात हवी. पोलिस ठाणे, ग्रामपंचायत किंवा महापालिका आणि तात्पुरत्या वीजजोडणीसाठी हेस्कॉम (इथली वीज कंपनी). अर्ज कन्नडमध्ये दिला की काम लवकर सरते.

ध्वनिप्रदूषण नियम २००० प्रमाणे रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर ध्वनिक्षेपक चालत नाही. बंदिस्त सभागृहाला ही वेळ तशी लागू नाही. राज्य सरकार वर्षात जास्तीत जास्त १५ दिवस रात्री १२ पर्यंत सूट देऊ शकते, पण तो आदेश डोळ्यांनी बघितल्याशिवाय धरून चालू नका. तीन तासांचा कार्यक्रम असेल तर साडेसहाला सुरू करा. सत्कार आणि भाषणांना २० मिनिटांची हद्द करारातच घाला, कारण वेळ खातात ती भाषणे आणि कापली जातात ती गाणी.

चित्रपटगीतांच्या जाहीर कार्यक्रमाला गीत-संगीताच्या हक्कांसाठी आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांच्या संस्थेचा परवाना लागतो. रेकॉर्ड वाजवणार असाल तर ध्वनिमुद्रणाचा परवाना वेगळा. खऱ्या धार्मिक विधीला, तसेच लग्नाच्या वरातीला आणि लग्नसोहळ्याला, कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये सूट आहे. तिकीट लावलेला ऑर्केस्ट्रा त्यात बसत नाही, मग तो यात्रेत का असेना.

स्टेज आणि वीज

ऑर्केस्ट्राला २४ × २० फुटांचे स्टेज पुरते. शास्त्रीय बैठकीला १६ × १२ ची, फूट-दीड फूट उंचीची गादी बरी. बैठक असेल तर गायकाची पट्टी (तो ज्या सुरात गातो तो सूर) आधी विचारा: काळी एक, पांढरी चार, काळी पाच, जी असेल ती. त्या पट्टीचा तबला गावात मिळत नाही, तो बरोबरच न्यावा लागतो. तंबोरे लावायला शांत खोली आणि तासभर वेळ राखून ठेवा.

विजेचा हिशेब स्वतः करायला शिका. १,००० वॅटचे २४ पार दिवे (स्टेजचे मोठे झोतदिवे) म्हणजे २४ किलोवॅट, साउंडचे ८, एकूण ३२. त्याला ०.८ ने (पॉवर फॅक्टर) भागले की ४० केव्हीए, जनरेटरची क्षमता याच मापात सांगतात. जनरेटर पूर्ण भारावर चालवू नये, म्हणून ६२.५ केव्हीएचा मागवा. एलईडी दिवे असतील तर भार बराच उतरतो आणि लहान जनरेटर पुरतो.

गावच्या लायनीवर चालवणार असाल तर वाद्ये जोडण्याआधी मल्टिमीटर लावा. फेज आणि न्यूट्रलमध्ये २२० ते २४० व्होल्ट दिसले पाहिजेत, न्यूट्रल आणि अर्थिंगमध्ये ३ व्होल्टच्या आत. जास्त दिसले तर अर्थिंगच्या खड्ड्यात मीठ-पाणी ओता, जोड घट्ट करा आणि पुन्हा मोजा. तरी उतरले नाही तर जनरेटरवर या. न्यूट्रल सुटला तर कीबोर्डला ४०० व्होल्टपर्यंत दाब जातो आणि तो जागेवर जळतो. अर्थिंग नसेल तर घुमारा येतोच, शिवाय माईक ओठाला लागला की गायिकेला झटका बसतो. यावर कोणीही “काय होत नाही” म्हटले तरी ऐकू नका.

सीमेचे दिवस

१ नोव्हेंबरला बेळगाव शहरात कर्नाटक राज्योत्सवाची मिरवणूक आणि सीमाभागातल्या मराठी भाषकांची काळ्या दिनाची निषेध फेरी एकाच दिवशी असते. त्या दिवशीची शहरातली सुपारी घेऊच नये. बेळगावच्या सुवर्ण विधानसौधमधले कर्नाटक विधिमंडळाचे हिवाळी अधिवेशन बहुतेक डिसेंबरात भरते. तेव्हा शहरात लॉज मिळत नाही, रस्ते अडवलेले असतात. बाहेरच्या कलाकारांचा मुक्काम निपाणी किंवा खानापुरात ठेवा. सीमाप्रश्न तापला की दोन्हीकडच्या एसटी निपाणीजवळच्या सीमेवरील कोगनोळीजवळच थांबतात. त्यामुळे वादक बसने येणार असे कधीही धरू नका. पिवळ्या पाटीची (भाड्याची) गाडी असेल तर दुसऱ्या राज्यात चालणारा परमिट आणि कर भरल्याची पावती चालकाकडे द्या. कोल्हापूर ते बेळगाव साधारण ११० किलोमीटर आहे. साउंडच्या टेम्पोला तीन तास धरा आणि कलाकारांच्या आधी चार तास तो स्टेजवर पोचवा.

बॅनरवर कन्नड वर आणि ठळक, खाली मराठी, असे छापून घेतले की कार्यक्रमाच्या दिवशी कुणाशी वाद घालत बसावे लागत नाही.

हिशेब

कार्यक्रमानंतर दोन दिवसांत प्रत्येक वादकाचे पैसे द्या आणि सुपारी, खर्च, कमिशन असे तिन्ही आकडे असलेला हिशेब कलाकाराला पाठवा. कंपनी किंवा संस्थेने टीडीएस कापला असेल तर तो कोणाच्या पॅनवर गेला ते तपासा. बिदागी कलाकाराची आणि कर मात्र एजंटच्या नावावर, हा गोंधळ विवरणपत्र भरताना निस्तरत नाही. सेवांची वार्षिक उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते. लोककला किंवा शास्त्रीय संगीत, नृत्य, नाट्य सादर करणाऱ्या कलाकाराच्या दीड लाखापर्यंतच्या मानधनावर जीएसटी नाही. ही सूट कलाकाराला आहे, तुमच्या कमिशनला नाही, म्हणून कमिशनचे बिल वेगळे करा. त्याच आठवड्यात कमिटीला फोन करून पुढच्या यात्रेची तिथी विचारा आणि पेन्सिलने वहीत टाका.