खोलीवर राहणाऱ्यांनी काय पाहावे, हे कसे ठरवावे

बारावीनंतर लातूर, नांदेड किंवा छत्रपती संभाजीनगरला खोली करून राहणाऱ्या मुलामुलींच्या हाती पहिल्यांदाच असा मोबाइल येतो, ज्यात घरातले कोणी डोकावत नाही. काय पाहायचे हे ठरवण्याची मोकळीक मिळते, पण निवडायचे कसे, हे कोणी शिकवलेले नसते.

प्रथम वयाच्या खुणेचा अर्थ समजून घ्यावा. चित्रपटांच्या 'यूए' प्रमाणपत्राला 2024 च्या नियमांनी 7, 13 आणि 16 वर्षे असे टप्पे दिले. ओटीटीवरील मालिकांना अशीच वर्गवारी 2021 च्या नियमांनुसार त्या त्या कंपन्या स्वतः लावतात. 'ए' म्हणजे अठरा पूर्ण झालेल्यास परवानगी, शिफारस नव्हे. खुणेशेजारी हिंसा, शिवीगाळ, नशा असे शब्द दिलेले असतात. ते वाचून, झोपण्यापूर्वी हे डोक्यात घ्यायचे आहे का, याचा विचार करावा.

खरी निवड मात्र मोबाइल हाती घेण्यापूर्वीच व्हायला हवी. रविवारी आठवड्यासाठीची दोन-तीन नावे वहीत लिहून ठेवावीत आणि तेवढीच पाहावीत. यूट्यूबवर ऑटोप्ले बंद करावा, पाहिल्याचा इतिहास पुसून त्याची नोंदही थांबवावी. त्यामुळे पहिल्या पानावरच्या शिफारशी नाहीशा होतात आणि हवे ते आपणच शोधावे लागते. सुरुवातीचे काही दिवस करमत नाही, हे खरे. रील्सना रोजची वेळ ठरवून देण्याचा उपाय टिकलेला मी तरी पाहिलेला नाही. ते ॲप काढून टाकणे त्या मानाने सोपे.

पाहिलेले चांगले होते की नाही, याची माझी कसोटी साधी आहे: दुसऱ्या दिवशी टपरीवर चहा पिताना त्याविषयी मित्राला चार वाक्ये सांगता यावीत. 'भारी होते' यापुढे काही सुचत नसेल, तर त्या मालिकेचा पुढचा भाग सोडून द्यावा, मग सगळे वसतिगृह ती पाहत असले तरी.

शिवाय सगळी करमणूक पडद्यावरच हवी असे नाही. हौशी राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेरीत मराठवाड्यातल्या केंद्रांवर स्वस्तात नाटके पाहता येतात, संभाजीनगरला अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो, आणि तिथून सुमारे 30 किलोमीटरवरच्या वेरूळला एसटीने सकाळी निघून संध्याकाळी परतता येते. फक्त मंगळवारी जाऊ नये. त्या दिवशी लेणी बंद असतात.