फोर्टची वारसाफेरी आणि घारापुरीची बोट एकाच दिवशी: या चुका टाळा

मुंबईतील फोर्ट भागाची मार्गदर्शकासह पायी वारसाफेरी आणि त्याला जोडून गेटवेवरून घारापुरीची बोटसफर हा एका दिवसात बसणारा कार्यक्रम आहे, आणि तो नीट जमला तर या शहराची घडण समुद्राकडून व रस्त्याकडून अशी दोन्ही बाजूंनी पाहता येते. तरीही पुणे, नाशिक, कोल्हापूरहून हौसेने आलेली आणि मुंबईतच राहणारीही अनेक कुटुंबे दुपारी तीनच्या सुमारास गेटवेच्या कठड्याशी थकून, वैतागून बसलेली मी पाहिली आहेत. दोष बहुधा त्यांच्या उत्साहाचा नसतो. फेरी एका आयोजकाकडून आणि बोट ऐनवेळी खिडकीवरून, अशा दोन सुट्या गोष्टी म्हणून आखल्या जातात आणि या दोहोंच्या मधला वेळ, ऊन व भरती-ओहोटी यांचा हिशेब कोणीच करत नाही. पुढे सांगितलेल्या बहुतेक चुका याच एका चुकीतून निघतात.

वार आणि वेळ

सर्वांत साधी आणि सर्वांत महागात पडणारी चूक म्हणजे सोमवार निवडणे. घारापुरीची लेणी सोमवारी बंद असतात. शनिवार-रविवारला जोडून रजा काढणारी मंडळी नेमकी सोमवारी गेटवेवर येतात आणि तेथे गेल्यावर त्यांना हे कळते. दुसरी चूक म्हणजे वेळेचा अंदाज कमी धरणे. गेटवेपासून घारापुरी सुमारे दहा किलोमीटरवर आहे आणि लाँचला एका बाजूने साधारण एक तास लागतो. त्यापुढे धक्क्यावरून लांबलचक वाट चालायची, किंवा छोट्या आगगाडीत बसायचे, आणि मग सुमारे १२० पायऱ्या चढायच्या. लेणे दीड तासाहून कमी वेळात पाहणे म्हणजे न पाहणेच. म्हणजे गेटवे सोडल्यापासून गेटवेला परतेपर्यंत पाच तास हाताशी असायला हवेत.

म्हणूनच दुपारची वारसाफेरी आणि सकाळची बोट हा क्रम मला पटत नाही. बेटावरून थकून परतल्यावर उन्हात तापलेल्या रस्त्यांवर इतिहास ऐकण्याची ताकद कोणातच उरत नाही. सकाळी सातला छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपासून चालायला सुरुवात करावी, दक्षिणेकडे येत पावणेदहाच्या सुमारास गेटवेला पोहोचावे, न्याहारी करावी आणि साडेदहाची बोट धरावी. या क्रमात रस्ते रिकामे मिळतात आणि फेरी जेथे संपते तेथेच बोट लागलेली असते. एक गोष्ट मात्र आधीच मान्य करावी लागते, ती ही की इतक्या सकाळी इमारती आतून पाहता येत नाहीत. ग्रंथालये आणि संग्रहालय आतून पाहायची असतील तर त्यासाठी दुसरा दिवस ठेवावा. दोन्ही हट्ट एका दिवसात पुरवू नयेत.

भरती-ओहोटी न पाहणे

याविषयी मी थोडे विस्ताराने लिहितो, कारण ही चूक मी स्वतः केली आहे. काही वर्षांपूर्वी आईला घेऊन पौर्णिमेच्या दिवशी घारापुरीला गेलो. जाताना पाणी चांगले वर होते, बोट पायरीला अगदी टेकली आणि आई सहज चढली. परतताना मात्र साडेपाच वाजले होते. ओहोटी पुरी होत आली होती आणि गेटवेच्या ज्या पायऱ्या सकाळी पाण्याखाली होत्या त्या शेवाळासह उघड्या पडल्या होत्या. दोन बोटी ओलांडून तिसऱ्या बोटीतून उतरावे लागले. दोन खलाशांनी आईला दंडाला धरून अलगद उतरवले नसते तर काय झाले असते, याचा विचार मला आजही नकोसा वाटतो.

मुंबई बंदरात उधाणाच्या दिवशी भरती आणि ओहोटी यांच्या पातळीत चार मीटरांहून अधिक फरक पडतो. त्यामुळे चढणे-उतरणे सोपे जाणार की अवघड, हे बोटीपेक्षा पाण्यावर अधिक अवलंबून असते. यासाठी किनाऱ्यावर पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला हिशेब सोपा आहे. त्या दिवशीच्या तिथीची पाऊणपट काढावी, म्हणजे भरती पूर्ण होण्याची ढोबळ वेळ मिळते. चतुर्थीला चाराची पाऊणपट तीन, म्हणून दुपारी तीनच्या सुमारास भरती आणि त्याआधी सहा तास, म्हणजे सकाळी नऊच्या सुमारास ओहोटी. पौर्णिमा-अमावास्येला, म्हणजे पंधराव्या तिथीला, हाच हिशेब सव्वाअकरा दाखवतो. प्रत्यक्षात भरती त्यानंतर, दुपारी बाराच्या आसपास येते आणि सायंकाळी पाणी अगदी खाली जाते. अष्टमीच्या आसपास भांग असतो, पाण्याची चढउतार कमी असते, आणि ज्येष्ठांना घेऊन जायला तेच दिवस मला सर्वांत बरे वाटतात. पौर्णिमा किंवा अमावास्या टाळता येत नसेल तर परतीची बोट चारच्या आत धरावी. अचूक वेळ भरती-ओहोटीच्या तक्त्यात मिळते, परंतु दिनदर्शिकेवर नजर टाकून दिवस निवडायला हा पाऊणपटीचा हिशेब पुरतो.

तिकीट एकाचे, अपेक्षा दुसऱ्याची

गेटवेवर बंदरफेरी आणि घारापुरीची सफर यांची तिकिटे वेगवेगळी असतात. बंदरफेरीची बोट काही वेळ पाण्यात फिरवून परत आणते आणि कोणत्याही बेटावर उतरवत नाही. अनेकजण स्वस्त तिकीट म्हणून ते घेतात आणि बोट मागे वळू लागली की वाद घालतात. तिकीट घेण्यापूर्वी ‘घारापुरीला उतरायचे आहे’ असे स्पष्ट सांगावे. ज्यांच्याकडे वेळ कमी आहे किंवा ज्यांचे गुडघे पायऱ्यांना तयार नाहीत त्यांनी मात्र बंदरफेरीच घ्यावी, त्यात काहीही उणे नाही. वारसाफेरीनंतर पाण्यावरून गेटवे आणि ताज यांच्याकडे पाहिले की जहाजाने येणाऱ्याला हे शहर प्रथम कसे दिसत असेल ते समजते.

परतीच्या तिकिटाचा कागद जपून ठेवावा, कारण येताना तो मागितला जातो. वरच्या मजल्यावर बसायचे वेगळे पैसे बोटीवरच घेतात, बेटावर ग्रामपंचायतीचा लहानसा कर असतो आणि लेण्याचे तिकीट पुन्हा निराळे असते. यासाठी सुटे पैसे जवळ असावेत. पायऱ्या चढणे अशक्य असणाऱ्यांसाठी डोली मिळते, मात्र दर आधी ठरवून मगच बसावे.

जीवरक्षक जाकिटाचा संकोच

१८ डिसेंबर २०२४ रोजी गेटवेवरून घारापुरीकडे निघालेल्या प्रवासी बोटीला नौदलाच्या एका वेगवान बोटीची धडक बसली. बोटीवर शंभराहून अधिक माणसे होती आणि या दुर्घटनेत पंधरा जणांचा जीव गेला. त्या दुपारी समुद्र खवळलेला नव्हता, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे. ‘आज पाणी शांत आहे, जाकीट कशाला’ हे वाक्य मी अजूनही बोटीवर ऐकतो आणि फार अस्वस्थ होतो. जाकीट मांडीवर ठेवण्यासाठी नसते. ते अंगात घालून पट्टे बांधावेत, मुलांसाठी लहान मापाचे मागून घ्यावे आणि मिळत नसेल तर पुढच्या बोटीने जावे. बोटीवर प्रवासीक्षमता लिहिलेली असते. ती वाचावी, आणि गर्दी त्याहून अधिक दिसली तर निःसंकोच उतरावे. छायाचित्रासाठी सगळ्यांनी एकाच कडेला धावणे हाही धोकाच आहे.

मार्गदर्शकाची निवड आणि ऐकीव कथा

वारसाफेरी नोंदवताना लोक किंमत विचारतात, पण गटात किती माणसे असतील हे विचारत नाहीत. पंधरा-वीस माणसांपुढे गट गेला की महात्मा गांधी मार्गावरील वाहनांच्या आवाजात मागच्यांना काहीच ऐकू येत नाही. निवेदन कोणत्या भाषेत असेल हेही आधी विचारावे. सोबत आजी-आजोबा असतील तर मराठीत बोलणारा मार्गदर्शक मिळवण्यासाठी दोन फोन अधिक करावेत, कारण स्वतःच्या राज्याच्या राजधानीचा इतिहास त्यांनी नातवाकडून भाषांतर करून का ऐकावा?

मार्गदर्शक सांगेल ते सगळे खरे मानणे ही पुढची चूक. ताजमहाल हॉटेल उलटे बांधले गेले आणि ते पाहून वास्तुरचनाकाराने आत्महत्या केली, ही गोष्ट अजून सांगितली जाते. ती खोटी आहे. ज्यांनी आराखड्याचे काम हाती घेतले ते सीताराम खंडेराव वैद्य इमारत पूर्ण होण्यापूर्वीच निवर्तले होते आणि पुढचे काम डब्ल्यू. ए. चेंबर्स यांनी पुरे केले. हॉटेल १९०३ मध्ये सुरू झाले. त्याचे मूळ प्रवेशद्वार शहराच्या बाजूला होते, एवढाच या कथेचा आधार. एका मराठी माणसाच्या कामाची आठवण अशा कथेखाली दडपली जावी, याचे मला वाईट वाटते. गेटवेविषयीही असाच घोटाळा होतो. पंचम जॉर्ज आणि राणी मेरी १९११ मध्ये येथे उतरले तेव्हा ही कमान उभी नव्हती. जॉर्ज विटेट यांनी आखलेली वास्तू डिसेंबर १९२४ मध्ये खुली झाली, आणि अवघ्या तेवीस वर्षांनंतर, २८ फेब्रुवारी १९४८ रोजी, ब्रिटिश सैन्याची शेवटची तुकडी तिच्याखालूनच परत गेली.

चालताना आणखी एक चूक होते. सर्वांचे लक्ष उंच शिखरांकडे असते आणि नावांकडे कोणी पाहत नाही. चर्चगेटला ‘गेट’ का म्हणतात? फोर्टच्या तटबंदीला बझार गेट, अपोलो गेट आणि चर्च गेट असे तीन दरवाजे होते आणि चर्च गेट हे नाव १७१८ मध्ये उघडलेल्या सेंट थॉमस चर्चवरून पडले. तट १८६० च्या दशकात पाडला गेला आणि त्या मोकळ्या झालेल्या पट्ट्यावर पुढे उच्च न्यायालय व विद्यापीठाचा राजाबाई टॉवर उभे राहिले. हे एकदा कळले की हॉर्निमन सर्कलपासून हुतात्मा चौकाकडे येताना आपण तटाच्या आतून बाहेर येतो आहोत, हे पायांना जाणवते. हुतात्मा चौकात १८६४ च्या फ्लोरा फाउंटनचे छायाचित्र घेऊन पुढे जाणारे गट मला खटकतात. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी संयुक्त महाराष्ट्रासाठी जमलेल्या लोकांवर येथे गोळीबार झाला. मार्गदर्शक थांबला नाही तर आपण त्याला थांबवावे.

गोदीच्या भिंतीलगत नौदलाची हद्द आहे, तेथे कॅमेरा बाहेर काढू नये. अग्यारीत पारशी नसलेल्यांना प्रवेश नसतो, तेव्हा दारात उभे राहून आत डोकावणे टाळावे.

लेण्यात शिरल्यावर

उन्हातून आल्याबरोबर लोक थेट मोठ्या त्रिमुख मूर्तीसमोर जातात, अंधारात काही दिसत नाही म्हणून मोबाइलमध्ये टिपतात आणि दहा मिनिटांत बाहेर पडतात. डोळे अंधाराला सरावायला काही मिनिटे लागतात, तेवढी उत्तरेकडच्या खांबांपाशी थांबावे. ही मूर्ती म्हणजे ब्रह्मा, विष्णू आणि महेश असे सांगणारे पुष्कळ भेटतात. प्रत्यक्षात ती सदाशिवाची आहे आणि तिन्ही मुखे शिवाचीच आहेत: मध्ये शांत, पाहणाऱ्याच्या डावीकडे उग्र आणि उजवीकडे कोमल. तिच्या एका बाजूला अर्धनारीश्वर आणि दुसऱ्या बाजूला गंगाधर आहे. ही तिन्ही शिल्पे एका ओळीत, न बोलता पाहावीत. पुढे अंधकासुरवध आणि कल्याणसुंदर यांच्यासाठी वेळ उरेल अशी आखणी केली तर सहाव्या शतकातील त्या कारागिरांचा हात ओळखू येतो. वाटेवर माकडे आहेत. खाण्याच्या पिशव्या आणि पाण्याच्या बाटल्या हातात मिरवू नयेत.

बिघडलेच तर

मळमळ होत असेल तर खालच्या मजल्यावर बोटीच्या मधोमध बसावे आणि क्षितिजाकडे पाहावे. उपाशीपोटी किंवा भरपेट तिखट खाऊन निघू नये. गटापासून चुकल्यास शोधत फिरण्याऐवजी धक्क्यावरील तिकीटखिडकीशी थांबायचे, हे सकाळीच सर्वांना सांगून ठेवावे. शेवटच्या बोटीची वेळ उतरतानाच खलाशाला विचारावी आणि तिच्या आधीची बोट धरावी, कारण बेटावर पर्यटकांना रात्री राहता येत नाही.

पावसाळ्यात किंवा वारा सुटला की बोटी अचानक बंद होतात, आणि नौदल दिनासारख्या कार्यक्रमांच्या सुमारास गेटवेचा परिसरही अडवला जातो. अशा वेळी खासगी बोटवाल्याशी अधिक पैशांत सौदा करू नये. त्याऐवजी लोकलने भायखळ्याला जावे. ज्या दगडी हत्तीवरून पोर्तुगीजांनी घारापुरीला ‘एलिफंटा’ म्हटले, तो हत्ती तेथे डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात उभा आहे. काळा घोडा या चौकाला ज्याच्यामुळे नाव मिळाले तो सातव्या एडवर्डचा अश्वारूढ पुतळाही १९६५ पासून शेजारच्या जिजामाता उद्यानात आहे. सकाळच्या फेरीत चौकात दिसतो तो बिनस्वाराचा घोडा २०१७ मध्ये बसवलेला आहे. संग्रहालय बुधवारी बंद असते.