पोरीला धनुष्य घेतलं, आता टार्गेटवर किती घालवायचे?

2023 च्या ऑगस्टमध्ये बर्लिनला आदिती स्वामी तिरंदाजीत वर्ल्ड चॅम्पियन झाली, वय फक्त 17, आणि त्याच स्पर्धेत आपल्या साताऱ्यातच सराव करणारा ओजस देवतळे पण झाला, तेव्हापासून इकडं घरटी एक तरी पोरगं धनुष्य मागतंय. आमची पण मागे नव्हती. धनुष्य घेऊन दिलं, सहा बाण घेतले आणि मग दुकानदारानं टार्गेटचा भाव सांगितला, म्हटलं राहू दे बाबा, एवढ्यात अजून एक धनुष्य येईल. त्यानंतर घरच्या घरी जे उद्योग केले त्यातून जे कळलं ते लिहितोय, कारण रोज कुणीतरी विचारतंयच.

आधी दोन गोष्टी ठरवा, धनुष्य किती पाउंडाचं (म्हणजे ओढायला किती जोर लागतो) आणि बाण किती मीटरवरनं मारायचा. नवीन पोरांकडं बांबूचं इंडियन बो नाहीतर साधं रिकर्व्ह (टोकं पुढं वळलेलं धनुष्य) असतंय, 16 ते 24 पाउंडाच्या आसपास, आणि पहिले काही महिने ती 5-10 मीटरच्या पुढं जातच नाहीत. असला बाण थांबवायला फार मोठी ताकद लागत नाही. आदिती, ओजस मारतात ते कंपाउंड, म्हणजे टोकांना चाकं असलेलं धनुष्य, 50 मीटरवरनं, मोठ्या माणसांचं कंपाउंड 50-60 पाउंडाचं असतंय आणि ते खाली लिहिलेल्या सगळ्या जुगाडातनं आरपार जातंय. तुमच्याकडं कंपाउंड असेल तर खरंच थरांचा दाबलेला फोमचा बट (बाण थांबवणारा जाड ठोकळा) विकतच घ्या, तिथं कंजूषी नको.

दुसरी गोष्ट म्हणजे साईज, आणि इथं सगळे चुकतात, मी पण चुकलो. ऑनलाइन फूटभराचं फोमचं टार्गेट स्वस्तात दिसतंय, मस्त रंगीत असतंय, आपण घेतो. नवीन पोराचा बाण फुटभरात बसत नाही हो! आमच्या पोरीचे पहिल्या संध्याकाळी सहातले चार बाण कंपाउंडवॉलला गेले, दोघांची टोकं वाकली, एकाचा नॉक (दोरीत अडकवायची मागची खाच) फुटला. म्हणजे टार्गेटमध्ये वाचवलेले पैसे बाणात गेले. त्यामुळं मऊ, साधं, ओबडधोबड चालेल पण मोठं पाहिजे, कमीत कमी दोन बाय अडीच फूट, तीन फूट असेल तर उत्तमच.

सगळ्यात स्वस्त म्हणजे पोतं. सिमेंटचं नको, त्यातली धूळ जात नाही, पशुखाद्याचं नाहीतर खताचं मोठं विणलेलं पोतं घ्या, उलटं करून धुवून वाळवा. आत भरायला चिंध्या. आमच्या चौकातल्या टेलरमामांनी दोन पोती कात्रण फुकट दिलं, वर म्हणाले "घेऊन जा, मला टाकायचा त्रासच होता". पण ते कात्रण आणलं की ओसरीवर पसरून हातानं चाळा. मी चाळलं नाही आणि चौथ्या दिवशी बाण ओढताना आत खर्र असा आवाज आला, बाहेर काढला तर बाणाच्या दांडीवर लांबच लांब ओरखडा, आत ब्लाऊजचे हूक आणि एक पितळी चेन निघाली. बटण, हूक, चेन, पँटीचं बक्कल, सगळं काढायचं. जुने टीशर्ट, बनियन, चादरी सगळ्यात भारी. सिल्कच्या, नायलॉनच्या साड्या एकट्या भरू नका, त्या सरकतात आणि बाणाभोवती गुंडाळून बाहेर येतात, सुती कपड्यात थोड्या मिसळल्या तर चालतंय.

भरताना चार-चार मुठी टाकायच्या आणि मुसळानं नाहीतर जाड दांडक्यानं कोपऱ्यांपासून ठासायचं. कोपरे पोकळ राहिले की पोतं गोल होतंय आणि कडेला लागलेला बाण घसरून जातोय. बोटानं दाबून बघा, बोट कष्टानं अर्धं जाईल एवढं घट्ट पाहिजे. भरलेलं पोतं एकट्यानं उचलताना कंबर धरली तर समजा नीट भरलंय. तोंड सुतळीनं शिवा, नुसतं बांधू नका. आणि माती, वाळू, भुसा असलं काही वजनासाठी घालायचं नाही, वाळूत बाण लगेच खराब होतोय.

पोत्याची एकच खोड, कपडे खाली बसतात. आठवड्याभरात वरचा वीतभर भाग रिकामा होतोय आणि बाहेरनं कळत पण नाही, आमचा एक बाण तिथनंच आरपार जाऊन मागं शेवग्यात रुतला. म्हणून दर रविवारी पोतं खालचं वर करून उलटं उभं करायचं, महिन्यानं वरनं थोड्या चिंध्या वाढवायच्या. उन्हानं पोत्याचे धागे सुटायला लागतात, तेव्हा आतलं काढत बसू नका, वरनं दुसरं पोतं चढवा. आमच्याकडं आता तिसरं कातडं चाललंय, आतला माल तोच.

दुसरा पर्याय खोक्यांचा, हा मला स्वतःला जास्त आवडलाय आणि याचं श्रेय मेव्हण्याला. तासगावकडं त्याची द्राक्षबाग आहे, सीझन संपला की भिजलेली, छपाई चुकलेली खोकी पडून असतात. मी फोनवर खोकी विकत कुठं मिळतील विचारत होतो तर म्हणतो, "दाजी, गाडी घेऊन या नुसती, इथं ढीग पडलाय". भिजलेली बाजूला ठेवली, कोरडी घेतली. तर ही खोकी उलगडून एक फूट रुंदीच्या लांब पट्ट्या कापायच्या आणि एकावर एक आडव्या रचायच्या, म्हणजे बाण पुठ्ठ्याच्या तोंडावर नाही तर दोन थरांच्या मधनं घुसला पाहिजे. समोरनं बघितलं तर वहीच्या गठ्ठ्याच्या कडेसारखं दिसायला हवं. पट्टी तोकडी पडली तर गवंडी विटेचा सांधा चुकवतो तसा सांधा चुकवत जा. अडीच फूट उंचीला पट्ट्या दोन-अडीचशेच्या वर सहज जातात, तेव्हा खोकी भरपूर आणा, थोडक्यात आणून परत फेऱ्या मारू नका.

रचून झालं की खाली-वर एकेक लाकडी फळी आणि चार कोपऱ्यांना आट्याच्या सळया, वरनं नट आवळायचे. हार्डवेअरच्या दुकानात सळई कापून मिळते, माझा सगळा खर्च सात-आठशेत झाला, फळ्या घरच्या होत्या. आवळायचं किती ते मारून ठरवा. सैल असेल तर बाण मागनं डोकावतो, फार आवळलं तर दोन माणसं लागतात काढायला. मधला भाग झिजला की नट सोडून मधल्या पट्ट्या कडेला, कडेच्या मध्ये. हे पोत्यात करता येत नाही. तोटा एकच, पाऊस. आपल्याकडं जूनला जे सुरू होतंय त्यात पुठ्ठा आठ दिवस टिकणार नाही, शेडखाली घ्या नाहीतर चार महिने पोतंच वापरा.

पेंढ्याचं पण करतात, पाटण-जावळीकडं भाताचा पेंढा मिळतो, दोरीनं गच्च आवळून छान होतंय, पण उंदीर आणि वाळवी दोघांनाही ते तितकंच आवडतं. थर्माकोल आणू नका, पांढरा भुगा अंगणभर आणि वितळून बाणाला चिकटतंय. टायर, प्लायवूड, रबरी बेल्ट तर अजिबातच नाही, त्यावरनं बाण उलटा येतोय, पोरांच्या डोळ्यांचा प्रश्न आहे.

लावताना टार्गेट मागं थोडं कललेलं ठेवा. स्पर्धेत मधला सोनेरी भाग जमिनीपासून 130 सेंटिमीटरवर असतो, पण पाचवी-सहावीतल्या पोरांना घरी थोडं खाली चालतंय. मागं मातीचा बांध असेल तर देवच पावला, नसेल तर जाड गोधडी नाहीतर जुनी सतरंजी तारेवर सैल सोडा. सैलच हं, ताणून बांधली तर बाण फाडून जातो, लोंबती असली की झटका गिळते. गच्चीवर हा उद्योग करू नका आणि मागनं वाट जात असेल तिथं तर नकोच नको.

टार्गेटचा कागद एवढ्यात घेऊ पण नका. पहिले पंधरा दिवस कागद न लावता, तीन मीटरवरनं, नुसतं पोत्यावर मारू द्या. मध्यभाग दिसला की पोरं तिकडंच बघतात, हात, खांदा, सोडणं सगळं विसरतात. नंतर लावायचाच तर मोठा लावा, 122 सेंटिमीटरच्या फेसमध्ये (फेस म्हणजे हाच टार्गेटचा कागद) एकेका गोलाची पट्टी 6.1 सेंटिमीटर रुंद असते, 40 च्या फेसमध्ये फक्त 2, नवीन पोरानं 40 च्या फेसवर मारलं तर रडूनच घरी येईल. पोतं लहान असेल तर 122 चा मधलाच भाग कापून लावायचा. आम्ही सुतळी आणि खिळा घेऊन जुन्या कॅलेंडरच्या मागं स्वतःच गोल काढले. वाढदिवसाचा फ्लेक्स वापरणार असाल तर पावसात झाकायला वापरा, आणि फोटो आतल्या बाजूला ठेवा, उगाच गल्लीत भांडण नको.

शेवटचं बाण काढायचं. एक तळवा बाणाशेजारी टार्गेटवर दाबून ठेवायचा, दुसऱ्या हातानं बाण अगदी टार्गेटजवळ धरायचा आणि सरळ मागं ओढायचा, वर-खाली हलवत नाही. ओढताना मागं कुणी उभं नको, बाणाची मागची बाजू थेट तोंडावर येते. हात घसरत असेल तर सायकलच्या जुन्या ट्यूबचा तुकडा धरा, आणि बाण फारच अडकत असतील तर टोकाकडच्या वीतभर भागावर कोरडा साबण घासा. कधी कधी बाण येतो पण टोक आतच राहतं, स्वस्तातल्या बाणांचं हे होतंच. पोतं फोडू नका, जुन्या स्पीकरचं लोहचुंबक दोरीला बांधून भोकाच्या आसपास फिरवा, आमची तीन टोकं अशीच मिळाली, चौथं अजून आतच आहे.